काकूच्या शब्दाखातर

गेल्या अंकात मी आमच्या जिल्हा न्यायालयातल्या मध्यस्थी केंद्राबद्दल दोन परिच्छेद लिहिले होते. या महिन्याच्या टपालातली निम्म्याहून अधिक पत्रं त्याच विषयावर निघाली. वाचकांनी विषय न्यायालयातून उचलून थेट तेहरान, ताश्कंद आणि कोरियापर्यंत नेला. तीस वर्षं कॉलेजात राज्यशास्त्र शिकवलेल्या बाईला याहून मोठा आनंद नाही. त्यातली सहा पत्रं इथे घेते आहे. काहींना लांब उत्तर दिलंय, काहींना थोडक्यात.

प्रश्न : कतार, ओमान, नॉर्वे असे लहान देश मोठमोठ्या भांडणांत मध्यस्थी करताना दिसतात. ज्यांच्याकडे ना फौजफाटा ना दरारा, त्यांचं कोण कशाला ऐकेल? (निवृत्त बँक अधिकारी, सांगली)

तुमच्या प्रश्नाचं उत्तर मला आठ-नऊ वर्षांची असताना मिळालं होतं, आमच्या माणदेशातल्या घराच्या ओसरीवर. भावकीतले दोन सख्खे भाऊ विहिरीच्या पाळीवरून एकमेकांशी बोलेनासे झाले होते. विहीर सामाईक, मोट एकच, आणि उन्हाळ्यात पाणी दुपारपर्यंतच पुरायचं. सोमवारची पाळी कोणाची, यावरून वर्षभर अबोला. शेवटी दोघे माझ्या आजीकडे आले. दोघेही तिला काकू म्हणायचे. ओसरीच्या या टोकाला थोरला, त्या टोकाला धाकटा आणि मधे काकू सुपात ज्वारी पाखडत बसलेली. थोरला म्हणायचा, "काकू, त्याला सांगा, गेल्या चैत्रात त्यानं माझा पाट फोडला." धाकटा दहा पावलांवर बसून सगळं ऐकत असायचा, पण काकू मान वळवून त्याला सांगेपर्यंत ते आपल्या कानावर आलंच नाही असं धरायचा. मग त्याचं सुरू, "काकू, त्याला सांगा, आधी बांध कुणी कोरला ते." दिवेलागणीपर्यंत हे चाललं. अखेर थोरला उठला, धोतराचा सोगा झटकला आणि म्हणाला, "काकूच्या शब्दाखातर सोडली सोमवारची पाळी." भावाचं नाव त्यानं घेतलं नाही. धाकट्यानंही बांध पुन्हा घालून द्यायचं कबूल केलं, तेही काकूच्या शब्दाखातरच.

काकू विधवा बाई. सहा एकर कोरडवाहू, घरात कर्ता पुरुष नाही. त्या दोघांवर जोर करण्याजोगं तिच्याकडे काही नव्हतं. पण भावापुढे वाकणं म्हणजे गावात तोंड दाखवायला जागा उरणार नाही, आणि काकूचं ऐकणं म्हणजे वडीलधाऱ्यांचा मान राखणं. पाळी तीच सुटली, पण सोडणाऱ्याची मान ताठ राहिली.

आता अल्जीरिया बघा. ४ नोव्हेंबर १९७९ रोजी तेहरानमधल्या अमेरिकी वकिलातीचा ताबा घेतला गेला आणि ५२ माणसं ४४४ दिवस ओलीस राहिली. इराण आणि अमेरिका एका टेबलावर बसायला तयार नव्हते. इराणच्या नव्या राजवटीच्या लेखी अमेरिकेशी हस्तांदोलन करणं हेच पाप होतं. १९८० च्या नोव्हेंबरपासून अल्जीरियाची माणसं निरोप नेऊ-आणू लागली. परराष्ट्रमंत्री मोहम्मद बेनयाहिया आणि वॉशिंग्टनमधले राजदूत रेधा मालेक हे दोघेही अल्जीरियाच्या स्वातंत्र्यलढ्यातून आलेले, फ्रेंचांशी झालेल्या एव्हियानच्या वाटाघाटींत मुरलेले. साम्राज्याशी लढून मोकळा झालेला देश म्हणून तेहरानला त्यांचा विश्वास वाटायचा आणि काटेकोर माणसं म्हणून वॉशिंग्टनला.

१९ जानेवारी १९८१ रोजी जे जाहीर झालं ते मी वर्गात दर वर्षी मुलांना वाचून दाखवायचे. तो इराण आणि अमेरिका यांनी एकमेकांशी केलेला करार नव्हताच. ते अल्जीरिया सरकारचं निवेदन होतं. दोन्ही सरकारांनी अमुक अमुक गोष्टी मान्य केल्याचं आम्हांला कळवलं आहे, असं अल्जीरिया त्यात सांगतो. थोरल्यानं काकूला सांगितलं, धाकट्यानं काकूला सांगितलं. पैशांचंही तसंच. इराणचे गोठवलेले जवळजवळ आठ अब्ज डॉलर लंडनला बँक ऑफ इंग्लंडमध्ये ठेवले गेले, पण खातं अल्जीरियाच्या मध्यवर्ती बँकेच्या नावावर. ओलीस इराणमधून सुखरूप निघाल्याचा दाखला अल्जीरियानं द्यायचा आणि मग पैसे सुटायचे. माणसं अमेरिकेची, पैसा इराणचा, पण अमेरिकेनं इराणच्या हातात काही ठेवलं नाही की इराणनं अमेरिकेच्या. तेहरानहून ओलिसांना घेऊन निघालेली विमानंही अल्जीरियाचीच होती. त्याच करारातून हेगमध्ये स्थापन झालेलं दावे न्यायाधिकरण त्यानंतर चाळीसहून अधिक वर्षं चाललंय.

या बेनयाहियांचं पुढे काय झालं तेही सांगते, कारण त्यांची आठवण फारशी कुणी काढत नाही. पुढच्याच वर्षी, मे १९८२ मध्ये, इराण-इराक युद्ध थांबवण्याच्या खटपटीत असताना त्यांचं विमान पाडलं गेलं आणि ते आपल्या सहकाऱ्यांसह गेले.

ओमान, कतार हे आज तेच करतात. मस्कतमध्ये २०१२-१३ साली सुलतान काबूस यांच्या आश्रयानं इराणी आणि अमेरिकी अधिकारी गुपचूप भेटत होते. कतारकडे अमेरिकेचा मोठा हवाई तळ आहे आणि दोह्यातच २०१३ साली तालिबानचं कार्यालय उघडलं. दोन्ही दारं उघडी ठेवणं सोपं नसतं, दोन्हीकडून शिव्या खाव्या लागतात. पण त्यामुळेच २९ फेब्रुवारी २०२० चा अमेरिका-तालिबान करार दोह्यात झाला. तो करार चांगला झाला असं मी म्हणत नाही. अफगाण सरकार त्यात नव्हतंच, आणि ज्यांच्या घराबद्दल बोलणं चाललंय त्यांनाच बाहेर ठेवलं की काय होतं ते दीड वर्षात काबूलमध्ये दिसलं.

प्रश्न : "मध्यस्थी आणि लवाद यांतील फरक स्पष्ट करा" हा प्रश्न परीक्षेत येतो. व्याख्या पाठ होते पण डोक्यात बसत नाही. (बी. ए. दुसऱ्या वर्षाची विद्यार्थिनी, लातूर)

व्याख्या दोनच ओळींची आहे बघ. लवाद निवाडा देतो आणि तो पाळायचं दोघांनी आधीच कबूल केलेलं असतं. मध्यस्थ फक्त सुचवतो. नाही म्हणायची मोकळीक दोघांना शेवटपर्यंत असते. पेशवाईतल्या पंचायतीत वादी-प्रतिवादी निवाड्याआधी "राजीनामा" लिहून द्यायचे, म्हणजे पंच ठरवतील ते आम्हांला राजी. हा लवाद. आज आपण हा शब्द नोकरी सोडण्यासाठी वापरतो, पण त्याचा जुना अर्थ लक्षात ठेव, परीक्षेतही उपयोगी पडेल.

आता दक्षिण अमेरिकेचा नकाशा उघड आणि अगदी खालच्या टोकाला बोट ठेव. तिथे बीगल नावाची खाडी आहे आणि तिच्या तोंडाशी पिक्टन, नुएवा, लेनॉक्स ही तीन बेटं. वारा, खडक आणि थंडी. बेटांपेक्षा महत्त्वाचा त्यांच्या भोवतालचा समुद्र, कारण बेट ज्याचं त्याला अटलांटिककडच्या समुद्रावर हक्क सांगता येतो. चिली आणि अर्जेंटिना दोघांचाही बेटांवर दावा. प्रकरण लवादाकडे गेलं, औपचारिकपणे ब्रिटनच्या राणीकडे, प्रत्यक्षात आंतरराष्ट्रीय न्यायालयातल्या पाच न्यायाधीशांकडे. १९७७ मध्ये निवाडा आला की तिन्ही बेटं चिलीची. जानेवारी १९७८ मध्ये अर्जेंटिनानं निवाडाच रद्दबातल ठरवला. राजीनामा लिहून दिला होता, तरी मोडला. त्या वर्षीच्या नाताळच्या तोंडावर अर्जेंटिनाचं आरमार दक्षिणेकडे निघालं होतं. दोन्ही देश कॅथलिक, दोन्हीकडे लष्करी राजवटी.

पोप जॉन पॉल दुसरे यांना गादीवर येऊन जेमतेम दोन महिने झाले होते. त्यांनी कार्डिनल आंतोनियो सामोरे यांना पाठवलं. वय ७३. २६ डिसेंबरला ते ब्वेनोस आयरेसला उतरले आणि दोन्ही राजधान्यांत येरझाऱ्या घालायला लागले. ८ जानेवारी १९७९ रोजी मोंतेविदेओ इथे दोघांनी सही केली. कसली? बेटं कोणाची याची नव्हे. आम्ही पोपकडे मध्यस्थी मागतो आणि बळ वापरणार नाही, एवढ्याचीच. मग सहा वर्षं लागली. डिसेंबर १९८० मध्ये पोपनी प्रस्ताव ठेवला. त्यातही बेटं चिलीलाच होती, मात्र सभोवतालच्या समुद्राची वाटणी वेगळी केली होती, अर्जेंटिनाला सोसेल अशी. चिलीनं होकार दिला. अर्जेंटिनाच्या सेनाधिकाऱ्यांनी काही केल्या उत्तर दिलं नाही. मध्ये फॉकलंडचं युद्ध झालं, ते हरले, लोकशाही आली. नव्या सरकारनं नोव्हेंबर १९८४ मध्ये सार्वमत घेतलं. शंभरातल्या ऐंशीहून अधिक लोकांनी हो म्हटलं, आणि २९ नोव्हेंबरला व्हॅटिकनमध्ये करार झाला.

आता फरक बघ. बेटं लवादानंही चिलीला दिली आणि मध्यस्थीनंही चिलीलाच. पाच न्यायाधीशांनी सांगितलं तेव्हा अर्जेंटिनानं आरमार बाहेर काढलं आणि पोपच्या शब्दाखातर तीच बेटं सोडली. लवादात एकाची हार कागदावर लिहिली जाते. मध्यस्थीत समुद्राचा एखादा तुकडा इकडे सरकवता येतो, वेळ काढता येतो, माणसं बदलेपर्यंत थांबता येतं. लवादाला थांबता येत नाही. सामोरे करार बघायला राहिले नाहीत, फेब्रुवारी १९८३ मध्ये वारले. चिली आणि अर्जेंटिनाला जोडणाऱ्या अँडीजमधल्या एका घाटाला आज त्यांचं नाव आहे. उत्तरपत्रिकेत हे शेवटचं वाक्य लिही, परीक्षकाला तू मनापासून अभ्यास केलास हे कळेल.

प्रश्न : काश्मीरवर तिसरा कुणी नको असं आपण ठणकावून सांगतो. मग सिंधूच्या पाण्यात जागतिक बँक कशी आली? आपली भूमिका बदलली का? (ऊस उत्पादक शेतकरी, कोरेगाव)

बदलली, आणि का बदलली ते समजून घेण्यासारखं आहे. तुम्ही पाटपाण्याचे जाणकार, म्हणून पाण्यापासूनच सुरू करते. फाळणीची रेघ पंजाबच्या कालव्यांवरून गेली. धरणाची दारं इकडे, शेतं तिकडे. १ एप्रिल १९४८ रोजी फिरोजपूरच्या बंधाऱ्यावरून पलीकडे जाणारं पाणी बंद झालं. ४ मे रोजी दिल्लीत तात्पुरता समझोता झाला, पण धाकधूक राहिलीच. १९५१ मध्ये अमेरिकेतले नदीखोऱ्यांचे तज्ज्ञ डेव्हिड लिलिएन्थाल दोन्ही देश फिरून गेले आणि त्यांनी लिहिलं की हा प्रश्न पुढाऱ्यांपेक्षा अभियंत्यांनी सोडवायचा आहे, जागतिक बँकेनं मदत करावी. बँकेचे अध्यक्ष यूजीन ब्लॅक यांनी ते उचलून धरलं. लिलिएन्थाल यांना हवं होतं एकत्र व्यवस्थापन. ते जमणार नाही हे दोन वर्षांत कळलं. मग १९५४ मध्ये बँकेनं नद्याच वाटून टाकायचा प्रस्ताव ठेवला: रावी, बियास, सतलज भारताला, सिंधू, झेलम, चिनाब पाकिस्तानला. आणखी सहा वर्षं घासाघीस. आपल्याकडून निरंजनदास गुलाटी हे अभियंते ती खिंड लढवत होते. १९ सप्टेंबर १९६० रोजी कराचीत नेहरू आणि अयूब खान यांनी सह्या केल्या, बँकेच्या वतीनं इलिफ यांनी.

पैशाची वाट नीट बघा, कारण तिथेच खरी अक्कल आहे. पूर्वेच्या नद्यांवरची शेतं पश्चिमेच्या पाण्यावर आणायची तर पाकिस्तानला नवे कालवे, नवी धरणं बांधावी लागणार. त्यासाठी भारतानं ६ कोटी २० लाख ६० हजार पौंड दहा हप्त्यांत द्यायचे ठरले. ते पाकिस्तानच्या हातात द्यायचे नव्हते. बँक चालवत असलेल्या सिंधू खोरे विकास निधीत भरायचे होते आणि त्या निधीत अमेरिका, ब्रिटन, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, पश्चिम जर्मनी यांचाही पैसा होता. शत्रूला खंडणी दिली असं इथे कुणी म्हणू नये आणि शत्रूकडून भीक घेतली असं तिथे कुणी म्हणू नये. १९६५, १९७१ आणि कारगिल या तिन्ही लढायांतून तो करार तगला. एप्रिल २०२५ मध्ये पहलगामच्या हत्याकांडानंतर भारतानं तो स्थगित ठेवला.

मग तिसऱ्याबद्दलची अढी आली कुठून? १९६५ सालातून. त्या जूनमध्ये कच्छच्या रणावरून ब्रिटिश पंतप्रधान विल्सन यांनी मध्यस्थी केली, प्रकरण लवादाकडे गेलं आणि १९६८ मध्ये वादातल्या भागाचा सुमारे दहावा हिस्सा पाकिस्तानला गेला. आपण तो दिला, निवाडा मोडला नाही. पण त्याहून खोल घाव ताश्कंदचा.

आमच्या सातारा जिल्ह्यात ताश्कंद म्हटलं की अजूनही म्हातारी माणसं गप्प होतात, कारण संरक्षणमंत्री म्हणून कराडचे यशवंतराव चव्हाण शास्त्रीजींबरोबर तिथे होते. ४ जानेवारी १९६६ पासून सोव्हिएत पंतप्रधान कोसिगिन दोन्ही शिष्टमंडळांमध्ये फेऱ्या मारत होते. १० तारखेला जाहीरनामा झाला: ५ ऑगस्ट १९६५ च्या आधीच्या जागांवर २५ फेब्रुवारीपर्यंत मागे जायचं. म्हणजे जवानांनी रक्त सांडून घेतलेली हाजीपीर खिंड परत. त्याच रात्री शास्त्रीजी गेले. तिकडे अयूब खानांवरही रस्त्यावर लोक उलटले. दोघांनी कोसिगिन यांच्या शब्दाखातर केलं, पण दोघांच्याही घरात त्या शब्दाला किंमत नव्हती. काकूचा शब्द चालला तो गावानं काकूला मानलं म्हणून. मॉस्कोला लाहोरमध्ये कुणी काकू मानत नव्हतं आणि आपल्याकडे हाजीपीरच्या बदल्यात तर नाहीच.

म्हणून २ जुलै १९७२ च्या सिमला करारात लिहिलं गेलं की वाद द्विपक्षीय वाटाघाटींनी किंवा दोघांना मान्य अशा अन्य शांततामय मार्गांनी सोडवायचे. आपण पहिल्या अर्ध्यावर बोट ठेवतो, दुसऱ्या अर्ध्यात "दोघांना मान्य" आहे. माझं मत विचाराल तर काश्मीरवर तिसरा नको ही भूमिका मला पटते. पाण्यात मात्र मोजणारा तिसरा हवा. बंधाऱ्यावरचा गेज वाचायला भाऊही चालत नाही आणि शत्रूही, हे तुम्हांला मी सांगायला नको.

प्रश्न : आजोबा फौजेत हवालदार होते. त्यांच्या ट्रंकेत कोरियातला १९५३ चा फोटो सापडला. भारत तर कोरियाच्या युद्धात लढला नव्हता. मग ते तिथे काय करत होते? (वाचक, गडहिंग्लज)

तो फोटो जपून ठेवा. तुमचे आजोबा बहुधा "भारतीय अभिरक्षा दला"त असावेत, आणि त्यांनी केलेलं काम जगात क्वचितच कुणाच्या वाट्याला आलं असेल.

कोरियाची लढाई दीड वर्षाहून जास्त काळ थांबता थांबत नव्हती, ती एका मुद्द्यावर अडली होती. हजारो चिनी आणि उत्तर कोरियाई युद्धकैद्यांना परत जायचंच नव्हतं. चीन म्हणे सगळे परत द्या, अमेरिका म्हणे जबरदस्तीनं पाठवणार नाही. संयुक्त राष्ट्रांत भारतानं, म्हणजे कृष्ण मेनन यांनी, तोडगा मांडला की असे कैदी एका तटस्थ आयोगाच्या हवाली करावेत. २७ जुलै १९५३ रोजी शस्त्रसंधी झाली. आयोगात स्वीडन, स्वित्झर्लंड, पोलंड, चेकोस्लोव्हाकिया आणि अध्यक्ष भारत. जनरल थिमय्या अध्यक्ष, आणि कैद्यांना प्रत्यक्ष सांभाळायला आपलं सैन्य, प्रमुख आपले कोल्हापूरकडचे मेजर जनरल एस. पी. पी. थोरात.

दक्षिण कोरियाचे अध्यक्ष सिंगमन री यांनी भारतीय सैनिकाला आपल्या भूमीवर पाऊलही टाकू देणार नाही असं बजावलं. म्हणून आपले जवान जहाजातून हेलिकॉप्टरनं थेट निर्लष्करी पट्ट्यात उतरवले गेले. बावीस हजारांहून अधिक कैदी दक्षिणेकडून आले आणि साडेतीनशेच्या आसपास उत्तरेकडून. त्यांच्या मायदेशाच्या प्रतिनिधींनी तंबूत येऊन त्यांना समजावायचं, त्यांनी हो किंवा नाही म्हणायचं, आणि आपल्या जवानानं मधे उभं राहून कुणावर जबरदस्ती होत नाही हे बघायचं. सप्टेंबरमध्ये चिनी कैद्यांनी एका भारतीय मेजरला धरून कुंपणाआड नेलं. थोरात स्वतः आत गेले, त्या जमावात उभं राहून बोलले आणि मेजरला सोडवून आणलं. कोरियातल्या कामगिरीसाठी त्यांना अशोकचक्र वर्ग दोन, म्हणजे आजचं कीर्तिचक्र, मिळालं.

बहुतेक कैदी परत गेले नाहीत. मुदत संपल्यावर थिमय्यांनी जानेवारी १९५४ मध्ये ज्यांनी त्यांना पकडलं होतं त्यांच्याकडेच सोपवलं, आणि दोन्ही बाजूंनी भारताला दूषणं दिली. ऐंशीहून अधिक कैद्यांना ना हे घर नको होतं ना ते. ते आपल्या जहाजांतून भारतात आले.

तुमचे आजोबा त्या तंबूच्या दारात उभे राहिले असतील. फोटोच्या मागे काही लिहिलंय का ते बघा. "हिंदनगर" असं असेल तर तो आपला तिथला तळ.

प्रश्न : मध्यस्थाचा स्वतःचाच स्वार्थ असेल तर त्याच्यावर विश्वास ठेवावा का? (वकील, नाशिक)

महादजी शिंद्यांवर ठेवला होता. १७ मे १७८२ रोजी ग्वाल्हेरजवळ सालबाई इथे इंग्रज आणि पेशवे यांच्यात तह झाला. बोलणी इंग्रजांतर्फे डेव्हिड अँडरसन यांनी केली, मराठ्यांतर्फे महादजींनी. तहातच लिहिलं होतं की महादजी दोन्ही पक्षांचे जामीन, आणि जो पक्ष अटी मोडेल त्याच्या विरुद्ध ते दुसऱ्याला मिळतील. राघोबादादांना महिना पंचवीस हजार, साष्टी इंग्रजांकडे, आणि भडोच? ते खुद्द महादजींना. स्वार्थ उघड होता. पुण्यात नाना फडणीस मोहोर लावायला खळखळ करत राहिले, हैदरअली वारल्यावर डिसेंबरमध्ये त्यांनी संमती दिली. तरीही मराठे आणि इंग्रज यांच्यातली शांतता वीस वर्षं टिकली. ज्याचं स्वतःचं काही गुंतलेलं असतं तो जामीन राहायला तयार होतो. स्वार्थ लपवलेला असेल तर मात्र उठून निघावं, हे मी वकिलांना काय सांगू.

प्रश्न : वडिलांच्या फ्लॅटवरून भावाशी दोन वर्षं बोलणं नाही. कोर्टात जाण्याआधी मध्यस्थी करता येते का? त्यात बोललेलं उद्या माझ्याविरुद्ध वापरलं जाईल का? (नोकरदार वाचक, डोंबिवली)

करता येते. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे दावा लावण्याआधीच अर्ज देता येतो. २०२३ चा मध्यस्थी कायदा १२० दिवसांची मुदत आखून देतो, दोघांची तयारी असेल तर आणखी ६०. आणि खोलीत बोललेलं गुप्त असतं, ते न्यायालयात पुरावा म्हणून मांडता येत नाही.

गुप्ततेबद्दल विचारलंत म्हणून माझ्या हातून झालेली एक चूक सांगते. चाळीस तासांचं प्रशिक्षण घेऊन मी नुकतीच केंद्रात बसायला लागले होते. भाऊ-बहिणीचाच वाद, घराचा. भावाशी एकटं बोलत असताना तो म्हणाला, "बाई, बारा लाखांच्या वर एक रुपया नाही." मी बहिणीकडे गेले आणि तिचा चेहरा बघून, तिला धीर यावा म्हणून म्हटलं, "तो बारापर्यंत येतोय." तिनं लगेच अठरा मागितले. मी परत गेले तेव्हा भावानं विचारलं, "तुम्ही माझा आकडा तिला सांगितलात?" त्यानं तो मला सांगितला होता, तिला सांगायला नव्हे. मी विचारलंही नव्हतं. पाच मिनिटांत दोघेही खुर्च्या सरकवून निघून गेले आणि प्रकरण पुन्हा तारखांवर पडलं. त्या मुलीचा चेहरा मला अजून दिसतो. तेव्हापासून वहीच्या पानावर मधोमध रेघ ओढते: डावीकडे "सांगायचं", उजवीकडे "ठेवायचं". आणि प्रत्येक वाक्यानंतर विचारते, "हे तिकडे नेऊ का?"

तुमच्या पत्रात शेवटी पुण्याच्या आत्यांचा उल्लेख आहे, ज्यांच्याकडे दोघंही अजून भाऊबीजेला जाता, वेगवेगळ्या वेळी. अर्ज भरण्याआधी त्यांच्याशी बोलून बघा. फक्त त्यांना फोन करण्याआधी भावाला एका ओळीचा मेसेज टाका, की मी आत्याशी बोलणार आहे.